जंगलातलं चोवीस जणांचं रेस्टॉरंट: मॅग्नस निल्सनचं फेव्हिकेन कसं चाललं आणि का बंद झालं

१४ डिसेंबर २०१९ रोजी उत्तर स्वीडनमधल्या जंगलातलं एक रेस्टॉरंट कायमचं बंद झालं. तिथे एका रात्रीत चोवीस माणसं जेवायची. मिशेलिनचे दोन तारे मिळालेले होते, जगातल्या उत्तम रेस्टॉरंटांच्या याद्यांमध्ये नाव होतं आणि टेबल मिळवायला लोक महिनोन् महिने आधीपासून धडपडायचे. दिवाळं निघालेलं नव्हतं, मालकाशी बिनसलेलंही नव्हतं. ते चालवणारा शेफ मॅग्नस निल्सन तेव्हा नुकताच ३६ वर्षांचा झाला होता. भरभरून चालणारा धंदा असा कोणी मिटवतो का?

निल्सननं मिटवला. त्याचं कारण समजून घ्यायचं तर आधी हे रेस्टॉरंट चालायचं कसं ते पाहावं लागतं. जे या जागेचं वैशिष्ट्य म्हणून गाजलं, तेच ती चालवणाऱ्याला दमवतही होतं.

जागा कुठे होती?

स्वीडनच्या मध्यभागी, नॉर्वेच्या सीमेला लागून येम्टलंड नावाचा प्रांत आहे. डोंगर, तळी, पाइन आणि स्प्रूसची जंगलं, आणि माणसं विरळ. ओस्टरसुंड हे तिथलं एकमेव म्हणण्यासारखं शहर. ओरे हे बर्फावर घसरण्याच्या खेळासाठी प्रसिद्ध असलेलं गाव जवळच आहे. याच भागात येर्पेन गावाजवळ फेव्हिकेन नावाची मोठी जहागीर आहे. शिकारीचं रान, जुनं शेतघर आणि अठराव्या शतकातलं एक लाकडी कोठार. रेस्टॉरंट त्या कोठारात होतं, म्हणून त्याचं पूर्ण नाव ‘फेव्हिकेन मागासिनेट’.

इथून स्टॉकहोम सहाशे किलोमीटरहून लांब. नॉर्वेचं ट्रॉन्डहाइम त्या मानानं बरंच जवळ. येम्टलंड १६४५ पर्यंत नॉर्वेकडेच होता, तहात तो स्वीडनला मिळाला. त्यामुळे फेव्हिकेनच्या स्वयंपाकघरात मासे आणि शिंपले नॉर्वेच्या किनाऱ्यावरून यायचे, यात ‘स्थानिक’पणाचा नियम मोडल्यासारखं काही नव्हतं. राजकीय सीमा मध्ये आली तरी जवळचा समुद्र तोच होता.

अक्षांश साधारण ६३ अंश उत्तर. उन्हाळ्यात रात्र नीट काळोखी होत नाही, डिसेंबरात दिवस जेमतेम पाच तासांचा. जमीन वर्षातले बरेच महिने बर्फाखाली. शेतीला मिळतात ते वसंताच्या शेवटापासून शरदाच्या सुरुवातीपर्यंतचे मोजके महिने. आता या ठिकाणी बारमाही रेस्टॉरंट चालवायचं आणि बहुतेक सगळं आसपासच्या मातीतूनच वाढायचं, असं कोणी ठरवलं तर शहाणी माणसं त्याला समजावायला जातील.

निल्सन इथे शेफ म्हणून आलाच नव्हता

मॅग्नस निल्सनचा जन्म १९८३ चा, याच येम्टलंडमधला. ओरेच्या भागातच त्यानं पाककलेचं शिक्षण घेतलं आणि मग महत्त्वाकांक्षी युरोपीय पोरं जातात तसा पॅरिसला गेला. तिथे पास्काल बार्बो या शेफच्या ‘लास्त्रांस’ या रेस्टॉरंटमध्ये त्यानं काम केलं. लास्त्रांसला २००७ मध्ये मिशेलिनचा तिसरा तारा मिळाला. रेस्टॉरंट छोटं. पाहुण्यांनी मेन्यू बघून पदार्थ निवडायचे नाहीत, त्या दिवशी बाजारात जे उत्तम मिळेल त्यातून शेफ जे करील ते खायचं. ही पद्धत निल्सनच्या अंगात पुरती मुरली.

जरा जास्तच मुरली. स्वीडनला परतल्यावर तो जे काही रांधायचा ते त्याला बार्बोची नक्कल वाटायचं. स्वतःचं असं काही सुचेना, तेव्हा त्यानं सरळ स्वयंपाक सोडला आणि वाइनच्या शिक्षणाकडे वळला. चांगल्या गुरूकडून आलेल्या अनेक शागिर्दांची ही अडचण असते, फक्त बहुतेक जण ती मान्य न करता आयुष्यभर नक्कल करत राहतात.

फेव्हिकेनची जहागीर तेव्हा पात्रिक ब्रुमर या स्वीडिश गुंतवणूकदाराकडे होती. त्यांना वाइनचं तळघर लावून देणारा माणूस हवा होता. थोड्या महिन्यांचं काम म्हणून निल्सन आला. तिथल्या रेस्टॉरंटसाठी शेफ मात्र मिळेना, कारण इतक्या आडजागी येऊन राहायला कोण तयार होणार? शेवटी २००८ मध्ये तोच चुलीपाशी उभा राहिला. पंचविशीतला पोरगा, आणि सुरुवातीला पाहुणे रात्रीला बाराच.

स्वीडनची तोवरची पाककथा थोडक्यात सांगतो. विसाव्या शतकात तिथलं उंची जेवण म्हणजे फ्रेंच जेवण. तोरे व्रेटमन या थोर शेफ-मालकानं स्टॉकहोमचं ‘ओपेराशेलारेन’ नावारूपाला आणलं, कोळंबीचा ‘टोस्ट स्कागेन’ लोकप्रिय केला आणि घरगुती स्वीडिश जेवणालाही प्रतिष्ठा दिली. १९९७ मध्ये माथियास डालग्रेननं फ्रान्समधल्या ‘बोक्यूज दोर’ या शेफ मंडळींच्या स्पर्धेत सुवर्ण मिळवलं. २००३ मध्ये शेजारच्या डेन्मार्कमध्ये ‘नोमा’ हे रेस्टॉरंट उघडलं, आणि २००४ मध्ये नॉर्डिक शेफ मंडळींनी एक जाहीरनामाच काढला: आपल्या हवेतलं, आपल्या मातीतलं, आपल्या ऋतूतलं शिजवू. निल्सनच्या आधी वारं वाहू लागलं होतंच. पण नोमा कोपनहेगनसारख्या राजधानीत होतं. निल्सननं तीच कल्पना अशा जागी नेली जिथे ‘ऋतूतलं’ म्हटलं की अर्धं वर्ष फक्त बर्फ दिसतो.

अर्ध्या वर्षाची बेगमी

इथे खरं शास्त्र सुरू होतं, आणि माझ्या मते फेव्हिकेनची सगळ्यात रंजक बाजूही.

शेतातून काढलेलं गाजर मेलेलं नसतं. ते श्वास घेत असतं, म्हणजे स्वतःत साठवलेली साखर हळूहळू जाळत असतं. गरम हवेत हा वेग जास्त, शिवाय पाणीही उडतं, म्हणून गाजर चार दिवसांत मऊ पडतं. शून्य ते चार अंश सेल्सियसच्या आसपास ठेवलं आणि हवा दमट राखली तर श्वास इतका मंदावतो की तेच गाजर महिनोन् महिने टिकतं. जमिनीत खोदलेलं तळघर हे काम विजेशिवाय करतं, कारण काही फूट खाली मातीचं तापमान वरच्या हवेसारखं खालीवर होत नाही. फेव्हिकेनमध्ये कंदमुळं अशा तळघरात ठेवली जायची.

सगळ्याच भाज्या अशा टिकत नाहीत. टिकतात त्या गाजर, बीट, सलगम, कोबी. यामागे निसर्गाची एक साधी योजना आहे. ही सगळी दोन वर्षांची रोपं. पहिल्या वर्षी ती मुळात किंवा गड्ड्यात अन्न साठवतात, हिवाळा काढतात आणि दुसऱ्या वर्षी फुलतात. म्हणजे हिवाळ्यासाठी साठून राहणं हा त्यांचा जन्मजात स्वभाव. माणसानं त्याचा फायदा तेवढा घेतला. पालकाकडून किंवा काकडीकडून ही अपेक्षा करता येत नाही. त्यांना मीठ, व्हिनेगर किंवा आंबवणं हाच मार्ग.

आंबवण्याचं गणितही सोपं आहे. भाजीच्या वजनाच्या दोन-अडीच टक्के मीठ घालून ती हवाबंद दाबून ठेवली की कुजवणारे जंतू मिठानं मागे पडतात आणि लॅक्टिक आम्ल बनवणारे जंतू पुढे येतात. आम्ल वाढलं की बाकीच्यांना तिथे जगता येत नाही. आपण मृगाआधी लोणची, पापड, सुकट भरून ठेवतो तेव्हा अडचण पावसाची असते, तिकडे बर्फाची. फरक इतकाच की आपली बेगमी हे जेवणातलं तोंडीलावणं असतं आणि फेव्हिकेनमध्ये तीच ताटातली मुख्य गोष्ट व्हायची.

आणखी एक बंधन त्यानं स्वतःवर घालून घेतलं होतं. ऑलिव्ह तेल नाही, लिंबू नाही. भूमध्य समुद्राजवळची ही दोन्ही लेकरं काढून टाकली की युरोपीय शेफची अर्धी हत्यारं गळून पडतात. चरबीसाठी उरतं लोणी आणि साय, आंबटपणासाठी व्हिनेगर, आंबलेलं दूध आणि रानबोरांसारखी फळं. येम्टलंड दुधाचा, शेळीच्या चीजचा आणि उन्हाळी कुरणांचा प्रदेश, त्यामुळे लोण्याची चणचण नव्हती. वाइन अर्थातच परदेशी. तळघर लावायलाच तर बोलावलं होतं त्याला. तिथे तत्त्व जरा सैल.

ताटात काय यायचं

सगळे पाहुणे एकाच वेळी जेवायला बसत. जेवण संपल्यावर बहुतेक जण तिथेच मुक्काम करत, कारण त्या रानातून रात्री जाणार कुठे?

सगळ्यात गाजलेला पदार्थ म्हणजे शिंपला. स्कॅलप नावाचा तळहाताएवढा शिंपला, नॉर्वेच्या थंड समुद्रात पाणबुड्यांनी हातानं वेचलेला. तो तसाच बंद निखाऱ्यांवर ठेवायचा. आतलं पाणी उकळतं आणि मांस स्वतःच्याच रसात शिजतं. मग जुनिपर नावाच्या झुडपाच्या जळत्या फांद्यांवर मांडून, धूर निघत असतानाच तो टेबलावर न्यायचा. पाहुण्यानं मांस एका घासात खायचं आणि शिंपल्यातला रस पिऊन टाकायचा. यात मसाला नाही, सॉस नाही. पण काही सेकंद उशीर झाला तर मांस चिवट होतं. म्हणजे चुलीपासून टेबलापर्यंतचं अंतर, वाढणाऱ्यांची संख्या, खोलीतली माणसं, हे सगळं त्या सेकंदांनी ठरवलेलं. पाहुणे दोनशे असते तर हा पदार्थ करताच आला नसता. फेव्हिकेन छोटं का राहिलं, याचं अर्धं उत्तर इथे आहे.

दुसरा प्रकार मांसाचा. गोमांस न खाणाऱ्या वाचकांनी हा परिच्छेद ओलांडून पुढे गेलं तरी चालेल, पण त्यातलं रसायनशास्त्र कुतूहलाचं आहे. बाजारात मान असते ती कोवळ्या जनावराच्या मांसाला. दूध आटलेल्या म्हाताऱ्या गाईचं मांस सहसा खिम्यात जातं. निल्सननं नेमकी तीच निवडली. वय वाढलं की स्नायूंमधले कोलॅजेन या चिवट प्रथिनाचे धागे एकमेकांत घट्ट गुंततात आणि मांस चिवट होतं, पण चरबी आत झिरपते आणि चव खोल होते. चिवटपणावर उपाय म्हणजे थंड, हवेशीर खोलीत मांस टांगून ठेवणं. स्नायूंमधली एंझाइमं त्याचे प्रथिनांचे धागे हळूहळू तोडतात, पाणी उडून जातं, चव दाट होते. इतरत्र हे काही आठवडे करतात, फेव्हिकेनमध्ये कित्येक महिने चालायचं. त्यासाठी जनावराला शेवटी ताण न येऊ देणंही महत्त्वाचं. घाबरलेलं जनावर स्नायूंतली साठवलेली साखर आधीच खर्च करून बसतं, मग मांसात पुरेसं आम्ल तयार होत नाही आणि ते काळपट व लवकर नासणारं होतं.

नळीच्या हाडातला मगज काढायला तर मोठं हाड भोजनाच्या खोलीतच आणून करवतीनं कापलं जायचं. हे नाटक होतं का? होतंच थोडं. निल्सनला ते पुरेपूर कळत होतं.

शिवाय दगडफूल. गोड्या मसाल्यात आपण जे घालतो ते दगडावर आणि झाडाच्या सालीवर वाढणारं लायकेन. उत्तरेकडच्या जातीचं लायकेन तळून कुरकुरीत करून त्याच्या सुरुवातीच्या मेन्यूंमध्ये यायचं. साखरेत मुरवलेला अंड्याचा बलक पाइनच्या सालीच्या चुऱ्यावर यायचा.

या पाइनच्या सालीपाशी मी जरा थांबतो. स्कँडिनेव्हियात पाइनची आतली साल वाळवून, दळून पिठात मिसळण्याची रीत जुनी आहे, आणि ती हौसेनं पडलेली नाही. १८६७ ते १८६९ या काळात उत्तरेला भीषण दुष्काळ पडला, तेव्हा पीठ पुरवून खाण्यासाठी लोकांनी सालीच्या भाकऱ्या खाल्ल्या. दीडशे वर्षांनी तीच साल हजारो क्रोना (स्वीडनचं चलन) मोजणाऱ्या पाहुण्यांपुढे येते. याला कोणी गरिबीची थट्टा म्हणेल. मला तसं सरसकट म्हणवत नाही, कारण निल्सन त्याच प्रांताचा आहे. हे ज्ञान त्यानं कुठल्या दूरच्या आदिवासींकडून उचललेलं नाही, ते त्याच्याच मुलखातलं. पण त्या साली खाणाऱ्यांना पर्याय नव्हता आणि इथे पाहुणा खास त्यासाठी विमानानं आलेला आहे, हा विरोधाभास पचायला जड जातो. परिसरातलंच खायचं या आग्रहासाठी जगभरातून माणसं उडून येणार, ही अशा सगळ्याच रेस्टॉरंटांची न सुटलेली गाठ आहे.

तारे

टायर बनवणारी मिशेलिन कंपनी मोटारीनं फिरणाऱ्यांसाठी पुस्तिका काढत असे, तिथून ताऱ्यांची पद्धत आली. एक तारा म्हणजे उत्तम जेवण. दोन तारे म्हणजे वाट थोडी वाकडी करून जावं असं. तीन म्हणजे खास तेवढ्यासाठी प्रवास करावा असं. अनेक वर्षं मिशेलिनचे परीक्षक नॉर्डिक देशांत मोठ्या शहरांपलीकडे फारसे जातच नव्हते. २०१६ च्या आवृत्तीत त्यांनी पल्ला वाढवला आणि फेव्हिकेनला एकदम दोन तारे मिळाले. म्हणजे ‘वाट वाकडी करून जावं असं’. फेव्हिकेन कोणाच्याच वाटेवर नाही. तिथे जाणारा प्रत्येक जण खास तेवढ्यासाठीच निघालेला असायचा!

त्याआधीच ‘वर्ल्ड्स फिफ्टी बेस्ट’ या यादीत फेव्हिकेन आलं होतं, २०१४ मध्ये एकोणिसाव्या क्रमांकापर्यंत. २०१५ मध्ये नेटफ्लिक्सच्या ‘शेफ्स टेबल’ मालिकेच्या पहिल्याच पर्वात निल्सनवर एक भाग झाला. लांब केस, लोकरीचे कपडे, बर्फ, धूर. ज्यांना स्वीडन नकाशावर दाखवता येणार नाही अशा लाखो लोकांना हा चेहरा ओळखीचा झाला.

चोवीस खुर्च्यांचा हिशेब

आता पैशांकडे येऊ. शेवटच्या काळात जेवणाचा दर माणशी सुमारे ३,००० स्वीडिश क्रोना होता, वाइन वेगळी. चोवीस गुणिले तीन हजार, म्हणजे एका रात्रीचे बहात्तर हजार क्रोना. ऐकायला भरपूर वाटतं. पण हा आकडा वाढू शकत नाही. साध्या हॉटेलात एक टेबल रात्री तीनदा भरतं, इथे एकदाच. शनिवारी गर्दी म्हणून चार खुर्च्या जास्त टाकणं नाही.

या बहात्तर हजारांतून आधी कर जातो. स्वीडनमध्ये रेस्टॉरंटमधल्या जेवणावर तेव्हा १२ टक्के व्हॅट होता, दारूवर २५ टक्के. मग पगार. स्वीडनमध्ये मालकाला पगाराच्या वर सुमारे ३१ टक्के रक्कम सामाजिक सुरक्षेसाठी सरकारजमा करावी लागते. आणि या पद्धतीच्या स्वयंपाकाला माणसं खंडीभर लागतात. रानातून पानं वेचायची, भाज्या तळघरात लावायच्या, मांसावर महिनोन् महिने लक्ष ठेवायचं, वर मुक्कामी पाहुण्यांचा नाश्ता. फेव्हिकेनमध्ये वस्तू तशा स्वस्त होत्या. साल, शेवाळ, सलगम यांना बाजारात भाव तो काय? महाग होते माणसांचे तास.

जगातली बरीच नामवंत रेस्टॉरंटं हा प्रश्न एका जुन्या युक्तीनं सोडवत आली आहेत: विनावेतन उमेदवार. पाककला शिकणारी तरुण मुलं नावाजलेल्या जागी काही महिने फुकट राबतात, बदल्यात बायोडेटावर नाव मिळतं. आणि जे पगारी असतात त्यांनी दिवसाला चौदा-पंधरा तास उभं राहणं ही मर्दुमकी समजली जाते. निल्सननं काही वर्षांनी ही घडी मोडायला घेतली. माणसं वाढवली, कामाचे तास इतर नोकरदारांसारखे आणले, आणि तो खर्च भरून निघावा म्हणून दर वाढवला. गोष्ट ऐकायला सरळ आहे, करायला मुळीच नाही. कारण दर वाढला की पाहुण्याची अपेक्षा वाढते आणि पाहुणा आणखी श्रीमंत वर्गातला होत जातो. तरी मला वाटतं, त्याच्या कारकिर्दीतली सगळ्यात धाडसी पाककृती हीच. तिच्यावर कोणी कौतुकाचे माहितीपट काढत नाही.

इतर उद्योगही त्यानं करून पाहिले. उंदर्सोकेर या जवळच्या गावात सॉसेज आणि खारवलेल्या मांसाचा कारखाना काढला, म्हणजे सामान्य गिऱ्हाईकाला परवडेल असं काहीतरी त्याच्या हातचं मिळावं.

मग बंद का केलं?

मे २०१९ मध्ये त्यानं जाहीर केलं की डिसेंबरात फेव्हिकेन बंद होईल. त्याचं म्हणणं साधारण असं होतं: कामावर जाण्याची जी ओढ इतकी वर्षं होती ती आता राहिली नाही, थकवा आलाय, कुटुंबासोबत आणि बागेत वेळ घालवायचाय. ओढ नसताना चालवत राहिलो तर दर्जा घसरणार, आणि पाहुणे मात्र तेवढेच पैसे मोजून, तेवढेच लांबून येत राहणार.

बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, मग दुसऱ्या शेफच्या हाती द्यायचं. इथे फेव्हिकेनची रचना आड येते. साखळी रेस्टॉरंटांत पाककृती कागदावर असते. माणूस बदलला तरी चव राहते. फेव्हिकेनमध्ये कुठला सलगम आज काढायचा, कुठलं मांस अजून महिनाभर टांगू द्यायचं, हे रोजच्या रोज चाखून, हुंगून ठरायचं. तो निर्णय घेणारा माणूस एकच. पाहुणेही त्याच माणसाला भेटायला आलेले असायचे, कारण त्यांनी त्याला पडद्यावर पाहिलेलं. त्याच्याशिवायचं फेव्हिकेन ही जंगलातली एक महागडी खानावळ झाली असती. आणि त्याला एखादं वर्ष सुट्टी घेऊन परत यावं म्हटलं तर पुढच्या हिवाळ्याची साठवण कोण करणार? अशा जागेला थांबा नसतो. आजची रजा सहा महिन्यांनी ताटात दिसते.

बंद झाल्यानंतर तीनच महिन्यांत कोविडनं जगभरातली रेस्टॉरंटं ओस पडली. निल्सनला भविष्य दिसलं होतं असं कोणी म्हणेल, पण तो निव्वळ योगायोग. जास्त सूचक घटना नंतरची आहे. जानेवारी २०२३ मध्ये कोपनहेगनच्या नोमानं, जगातल्या बहुधा सगळ्यात प्रसिद्ध रेस्टॉरंटनं, जाहीर केलं की आपण नेहमीच्या स्वरूपातलं रेस्टॉरंट थांबवणार. त्याच्या थोडं आधी, २०२२ च्या ऑक्टोबरपासून तिथे उमेदवारांना पगार सुरू झाला होता. नोमाचा प्रमुख रेने रेडझेपी यानं तेव्हा उघड सांगितलं की पैशांच्या आणि माणसांच्या दृष्टीनं हा प्रकार टिकाऊ नाही. निल्सन याच निष्कर्षाच्या आसपास तीन-चार वर्षं आधी पोचला होता, फक्त त्यानं त्याचा सिद्धांत केला नाही.

पुढे तो रेडझेपीनंच सुरू केलेल्या ‘मॅड’ या संस्थेच्या कोपनहेगनमधल्या अकादमीचा प्रमुख झाला. तिथे रेस्टॉरंटात काम करणाऱ्यांना नेतृत्व आणि पर्यावरणाचा विचार शिकवला जातो; कामाचे तास, वागणूक, कचरा, असले अनाकर्षक विषय. आणि स्वीडनच्या दक्षिण टोकाला स्कोने प्रांतात त्यानं सफरचंदाची बाग घेतली. उत्तरेच्या बर्फातून निघून देशातल्या सगळ्यात सुपीक मातीकडे जाणं, यात मला थोडा मिश्कीलपणा दिसतो.

वाचायचं आणि करायचं असेल तर

निल्सनची काही पुस्तकं आहेत. फेव्हिकेनवरचं पहिलं २०१२ मधलं. रेस्टॉरंट बंद झाल्यावर २०२० मध्ये आलेल्या पुस्तकाच्या नावातच ४०१५ दिवसांचा उल्लेख आहे; अकरा वर्षं गुणिले ३६५ करून बघा. पण घरी स्वयंपाक करणाऱ्यानं हातात घ्यावं असं पुस्तक म्हणजे २०१५ चं ‘द नॉर्डिक कुकबुक’. आइसलँड, ग्रीनलंड, फेरो बेटांपासून फिनलंडपर्यंतच्या सातशेहून अधिक पाककृती, आणि बरेचसे फोटो त्यानंच काढलेले. नॉर्डिक असं एक जेवण अस्तित्वातच नाही, असं म्हणत तो आधी या पुस्तकाला नाखूश होता. मग घराघरांत जाऊन त्यानं जे लोक खरंच खातात ते गोळा केलं. त्यामुळे व्हेलच्या मांसासोबत तिथे ‘फ्लाइंग जेकब’ही आहे: कोंबडी, केळी, साय, तिखट सॉस, वर बेकन आणि शेंगदाणे. विमानानं माल पाठवणाऱ्या क्षेत्रातल्या एका स्वीडिश माणसानं सत्तरच्या दशकात शोधलेला हा पदार्थ स्वीडिश घरांत अजूनही आवडीनं होतो. रानातल्या लायकेनइतक्याच गांभीर्यानं निल्सन त्याची नोंद करतो, हे मला फार आवडतं.

आपल्याकडे सहज जमेल ती स्वीडिश घरांतली ‘एक-दोन-तीन’ पद्धत: एक भाग व्हिनेगर, दोन भाग साखर, तीन भाग पाणी. सगळं उकळून, थंड करून त्यात काकडी, कांदा किंवा बीट बुडवायचं. मात्र हे माप तिथल्या १२ टक्के आम्लाच्या कडक व्हिनेगरसाठी आहे. आपल्या किराणा दुकानातलं पांढरं व्हिनेगर साधारण ४ टक्क्यांचं असतं, म्हणजे तिप्पट सौम्य. तेव्हा माप बदलून तीन भाग व्हिनेगर, दोन भाग साखर आणि एकच भाग पाणी घ्या. आम्ल आणि पाणी दोन्ही मूळ प्रमाणात येतात. काकडीच्या अगदी पातळ चकत्या, थोडं मिरपूड, आणि मिळाला तर शेपू बारीक चिरून. एक रात्र फ्रिजमध्ये ठेवा आणि आठवड्याभरात संपवा. साखर इतकी असली तरी हे आपल्या लोणच्यासारखं वर्षभर टिकणारं नाही.